लाल रंग वळूला दिसत नाही, तेव्हाच्या फिल्मलाही दिसायचा नाही

परवा आमच्या फॅमिली ग्रुपवर मामाने एक क्लिप टाकली. खाली लिहिलेलं, 'सव्वाशे वर्षांपूर्वीची ओरिजिनल बुलफाइट, कलरमध्ये, आवाजासहित'. लालभडक कापड, पिवळीधमक वाळू, मागे पब्लिकचा ओरडा, आणि तो मातादोर, म्हणजे वळूशी झुंजणारा माणूस, असा सुळसुळीत हलतोय की कालच्या मॅचची हायलाइट वाटावी. चार जणांनी हात जोडले, दोघांनी 'बापरे' टाकलं, आणि आत्याने एकच प्रश्न विचारला, 'अरे पण तेव्हा कलर होता का?'

नव्हता. आवाजही नव्हता. आणि माणसं अशी सुळसुळीतही हलायची नाहीत, म्हणजे फिल्मवर तरी नाही. मग त्या क्लिपमध्ये खरं काय उरलं? मला जुन्या कॅमेऱ्यांचं खूळ आहे हे घरात सगळ्यांना माहितीये, त्यामुळे उत्तर द्यायचं काम माझ्याकडेच आलं. ग्रुपवर टाइप करत बसलो तर फारच लांबलं, म्हणून इथे सगळं लिहून काढतोय.

आधी हा खेळ काय असतो ते बघू

आपल्याकडे बैलांची झुंज म्हटलं की दोन बैल एकमेकांना शिंगं लावून रेटतायत असं चित्र डोळ्यासमोर येतं, गोव्यातली धिरयो तशीच, जिच्यावर हायकोर्टाने १९९६ साली बंदी घातली आणि जी परत सुरू करा म्हणून अजून मागणी होत असते. स्पेनची बुलफाइट वेगळी. तिथे एका बाजूला जनावर आणि दुसऱ्या बाजूला माणसं. तसं त्याला बैल म्हणणंही चूक आहे, बैल म्हणजे खच्ची केलेला, गाडीला जुंपायचा. हा वळू, मोकळ्या रानात वाढवलेला.

एका दुपारच्या खेळाला कोरिदा म्हणतात. साधारणपणे तीन मातादोर आणि सहा वळू, एकेका वळूची पंधरा-वीस मिनिटं, म्हणजे सगळं मिळून दोनेक तास. प्रत्येक वळूच्या वेळेचे तीन भाग असतात. पहिल्यात घोड्यावर बसलेला भालेवाला वळूच्या मानेमागे भाला टोचतो, दुसऱ्यात कागदाच्या झिरमिळ्या लावलेल्या अणकुचीदार काठ्या खुपसतात, आणि तिसऱ्यात मातादोर एकटा, हातात तलवार आणि ते छोटं लाल कापड. शेवटी वळू मरतो. पोर्तुगालमध्ये रिंगणात मारत नाहीत, पण आज आपण स्पेन आणि मेक्सिकोचंच बोलतोय.

आता हे दोन तास, साठेक मीटरपर्यंत रुंद गोल मैदान, इकडून तिकडे धावणारं अर्धा टन वजनाचं जनावर, आणि १८९६ चा कॅमेरा. इथून खरी मजा सुरू होते.

पन्नास सेकंदांत काय काय बसणार?

सिनेमाच्या अगदी सुरुवातीला अमेरिकेत एडिसनकडे जो कॅमेरा होता तो धूड होतं. तो जागेवरून हलायचा नाही, त्यामुळे जगानेच त्याच्याकडे जायचं. न्यू जर्सीतल्या काळ्या रंगाच्या स्टुडिओत नर्तकी आल्या, कसरतवाले आले, १८९४ मध्ये दोरीचा फास फेकणारा मेक्सिकन गडी आला, कोंबड्यांची झुंजसुद्धा लावली. पण वळू आणि अख्खं रिंगण काही तिथे नेता येईना.

फ्रान्सच्या ल्युमिएर भावांनी १८९५ मध्ये कॅमेरा एका लाकडी पेटीत बसवला, पाचेक किलोची, हाताने फिरवायची, एक माणूस काखेत मारून जगभर हिंडू शकेल अशी. मे १८९६ मध्ये त्यांचा माणूस प्रोमियो माद्रिदला पोचला, तिथे शो लावले आणि शूटिंगही केलं. (आपल्या मुंबईत त्यांचा शो वॉटसन हॉटेलमध्ये ७ जुलै १८९६ ला झाला, तिकीट एक रुपया, म्हणजे माद्रिदनंतर दोन महिन्यांच्या आतच, आपण काही फार मागे नव्हतो.)

पण पेटी छोटी तर रीळही छोटं. सुमारे सतरा मीटर फिल्म. सेकंदाला सोळा चित्रं या हिशोबाने ती पन्नासेक सेकंदात संपायची. पन्नास सेकंद! फोनचं स्टोरेज फुल होऊन 'जागा शिल्लक नाही' दाखवतं तेव्हा आपल्या जिवाची जी घालमेल होते ती या लोकांची रोज, दर मिनिटाला. वळू आत्ता येईल मग येईल म्हणून हँडल फिरवायला सुरुवात करावी आणि तो मख्खपणे दारातच उभा राहावा, की संपलं रीळ. म्हणूनच प्रोमियोच्या माद्रिदच्या कामात मला सगळ्यात बोलकी वाटते ती टोरेरो लोकांच्या, म्हणजे रिंगणात उतरणाऱ्या झुंजाऱ्यांच्या, आगमनाची फिल्म. खेळाच्या आधीचं येणं, बस. भरजरी कपडे, गर्दी, गाड्या. ते ठरल्या वेळी होणार, ठरल्या रस्त्याने होणार, आणि पन्नास सेकंदात मावणार. लग्नाच्या व्हिडिओत वरातीचं फुटेज भरपूर आणि ऐन मंगलाष्टकांच्या वेळी बॅटरी डाऊन, तसलाच प्रकार. नंतर त्यांच्या यादीत खुद्द झुंजीचे तुकडेही आले, पण तुकडेच.

अमेरिकेतल्या लॅथम कुटुंबाने मात्र लांब शूट करायची युक्ती काढली होती. युक्ती नेमकी कोणाच्या डोक्यातून निघाली यावर वाद आहे, पण नाव त्यांचं लागलं. खेड्यात राहिलेल्यांना ही लगेच कळेल. बैलाचं दावं खुंट्याला अगदी ताणून बांधलं तर तो एका हिसक्यात तोडतो, थोडी ढील ठेवली तर हिसका ढिलाईत जिरतो. कॅमेऱ्यात फिल्म सलग पळत नाही, थांबत-हिसकत जाते, एका सेकंदात सोळा हिसके. रीळ मोठं आणि जड असेल तर फिल्म फाटते. लॅथमवाल्यांनी वर-खाली फिल्मचा एक सैल फेरा ठेवला, बास. त्यांनी १८९५ मध्ये अशी एक बॉक्सिंगची मॅच मिनिटंच्या मिनिटं शूट केली आणि १८९६ मध्ये मेक्सिकोत जाऊन बुलफाइट. पुढे ती फिल्म 'कार्मेन'च्या नाटकात वापरली. 'कार्मेन'च्या शेवटी नायिका रिंगणाच्या बाहेर उभी असते आणि आतली झुंज प्रेक्षकाला फक्त ऐकू येते, स्टेजवर वळू आणणार कुठून! तर यांनी पडदा लावून आतलं दाखवूनच टाकलं. नाटकात मध्येच सिनेमा, १८९६ साली. आजकाल नाटकात एलईडी वॉल लावली की आपण 'प्रयोगशील' म्हणतो.

एडिसन कंपनीनेही मागे न राहता मेक्सिकोत माणसं पाठवली, दुरांगो गावात शूट केलेल्या बुलफाइटच्या त्यांच्या तीन फिल्म १८९८ सालच्या आहेत. नावं पण काय, बुलफाइट नंबर एक, दोन आणि तीन. कल्पकतेची हद्द.

'अरे पण वळू कुठाय?'

मागच्या वर्षी जुन्नरकडे एका घाटात बैलगाडा शर्यत बघायला गेलो होतो. मित्राचा गाडा पळणार म्हणून मी कडेला गर्दीत मोबाईल धरून उभा. गाडा आला, धुरळा उडाला, 'झाली झाली' असा गलका झाला, गाडा गेला. घरी येऊन बघतो तर व्हिडिओत समोरच्या काकांची टोपी, गुलाल, आणि कोपऱ्यात दोन मुंग्यांएवढे बैल. आणि माझ्या फोनला झूम होता.

त्या काळच्या कॅमेऱ्याला झूम नव्हता. एकच लेन्स, साधारण आपला डोळा जेवढं बघतो तसं बघणारी. हिशोब करून बघा. मातादोर चाळीस मीटरवर असेल तर पन्नास मिलिमीटरच्या लेन्समधून तो चित्राच्या उंचीच्या जेमतेम आठव्या हिश्श्याएवढा येतो. फोन आडवा धरून बघितलं तर करंगळीच्या नखाएवढा. बाकी सात हिस्से वाळू, कुंपण आणि टोप्या घातलेलं पब्लिक. त्यात ल्युमिएरच्या पेटीतून शूटिंग चालू असताना बघायची सोय नव्हती. आधी मागचं दार उघडून फ्रेम लावायची, मग फिल्म भरायची, दार बंद, आणि देवाचं नाव घेऊन हँडल. वळू फ्रेमच्या बाहेर गेला तर ऑपरेटरला तो बाहेर गेलाय हे साध्या डोळ्यांनी दिसायचं, पण कॅमेरा वळवणार कसा? स्टँडवर गोल फिरणारं डोकं इंग्लंडमध्ये पॉल नावाच्या गृहस्थांनी बसवून घेतलं ते १८९७ मध्ये, राणी व्हिक्टोरियाच्या ज्युबिलीची मिरवणूक शूट करायला.

मग जवळ का जायचं नाही? गेले की. रिंगणाचं लाकडी कुंपण आणि प्रेक्षकांच्या भिंतीमध्ये एक अरुंद बोळ असतो, तिथे टोरेरोंची माणसं उभी असतात. तिथे कॅमेरा लावला तर वळू जवळ आल्यावर मस्त मोठा दिसतो. पण एक तर कुंपण माणसाच्या खांद्याएवढं, त्यामुळे अर्धी फ्रेम फळ्यांनी भरते. आणि दुसरं म्हणजे वळू कधीकधी ते कुंपण उडी मारून ओलांडतो. तीन पायांचा स्टँड आणि हातात हँडल घेऊन पळायचं म्हणजे काय, ते घाटात गाडा आपल्या अंगावर आल्यावर पळालेल्यांना विचारा.

उन्हाचं पण एक गणित होतं. बुलफाइटची तिकिटं उन्हाची आणि सावलीची अशी वेगवेगळी असतात, सावलीतली महाग. दुपारी सूर्य पश्चिमेला कललेला, त्यामुळे पश्चिमेकडची बाजू सावलीत. कॅमेरावाल्यालाही तीच जागा पाहिजे, कारण तिथे बसलं की सूर्य पाठीशी आणि समोरची वाळू उन्हात लख्ख. स्वस्तातल्या बाजूने शूट केलं तर सूर्य थेट लेन्समध्ये. शिवाय तेव्हाची फिल्म उजेडाला हावरी. पहिला वळू भर उन्हात येतो, सहाव्यापर्यंत सावली सरकत सरकत रिंगणावर पसरते, आणि काळा वळू काळ्या सावलीत शिरला की पडद्यावर उरतं ते फक्त मातादोरच्या कपड्यांवरचं जरीकाम.

म्हणूनच असेल कदाचित, पण आपल्या सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनला पहिली फिल्म काढली ती कुस्तीची. दोन पैलवान, छोटी जागा, कोणी कुंपणावरून उडी मारणार नाही. मला हा निर्णय फार शहाणपणाचा वाटतो.

लाल रंगाचं काय?

आता आत्याच्या प्रश्नाकडे. फिल्म ब्लॅक अँड व्हाइट होती हे सगळ्यांना माहीत असतं, पण ती कोणते रंग कसे बघायची हे फारसं कोणी सांगत नाही. तुमच्या गावात जुना फोटो स्टुडिओ असेल तर तिथली डार्करूम आठवा. आत लाल बल्ब. लालच का? कारण फोटोच्या कागदाला लाल उजेड दिसतच नाही, त्यामुळे तो खराब होत नाही. सिनेमाच्या सुरुवातीची फिल्म याच जातीची होती. निळा रंग तिला झगझगीत दिसायचा म्हणून आकाश पांढरंफटक यायचं, आणि लाल म्हणजे जवळपास काळा. लालही नीट टिपणारी फिल्म सर्रास वापरात आली ती १९२० च्या दशकाच्या शेवटाकडे.

म्हणजे बघा, सगळ्या जगाला बुलफाइट म्हटलं की जे लाल कापड आठवतं ते त्या फिल्ममध्ये काळं फडकं. रक्तही काळं. काळ्या वळूच्या अंगावरचं काळं रक्त तर दिसतच नाही, पांढऱ्या घोड्यावर मात्र डांबर सांडल्यासारखं दिसतं.

आणि गंमत अशी की वळूची अवस्थाही फार वेगळी नाही. माणसाच्या डोळ्यात रंग ओळखणाऱ्या पेशी तीन प्रकारच्या, गाई-बैलांच्या दोनच, आणि लालसाठीची नेमकी कमी. तो चिडतो ते कापडाच्या हलण्यावर. खात्री करायची तर खेळाचा पहिला भाग बघा, तिथे वापरतात ते मोठं कापड गुलाबी-पिवळं असतं आणि वळू त्याच्यावरही तितक्याच जोरात तुटून पडतो. लाल रंग हा प्रेक्षकांसाठी. रिंगणात तो न दिसणारे दोघेच, एक वळू आणि दुसरा कॅमेरा, आणि दोघांचंही लक्ष फक्त हालचालीवर.

मग मामाच्या क्लिपमधला लाल आला कुठून? एआयने भरला. 'बुलफाइट आहे, म्हणजे कापड लाल' असा अंदाज बांधून. काही जुन्या प्रिंटा तेव्हाच हाताने किंवा कापलेल्या साच्याने रंगवल्या जायच्या हे खरंय, पॅरिसच्या पाथे कंपनीत त्याचा मोठा विभाग होता. पण तेही रंगवणाऱ्याचं काम, कॅमेऱ्याने बघितलेलं नव्हे.

सगळे असे टुणटुण का उडतात?

इथे मी जरा थांबणार आहे, कारण माझ्या मते सगळ्यात मोठं नुकसान इथे झालंय.

कॅमेऱ्याचं हँडल सेकंदाला दोन फेरे, एका फेऱ्यात आठ चित्रं, म्हणून सोळा. पण फिरवणारा माणूस. हात दुखला की हळू, वळू अंगावर आला की आपोआप जोरात. काही ऑपरेटर मनात लष्करी मार्चची चाल म्हणत फिरवायचे, लय सुटू नये म्हणून. पुढे बोलपट आले आणि सेकंदाला चोवीस चित्रं हा नियम झाला. सोळाने काढलेली फिल्म चोवीसने दाखवली की सगळं दीडपट जोरात पळतं. तीन सेकंदांची गोष्ट दोन सेकंदांत. जुन्या फुटेजमध्ये पुढारीसुद्धा कोंबडीसारखे तुरुतुरु चालतात ते यामुळे, त्या काळी माणसं काही तशी चालायची नाहीत.

आता हे बुलफाइटला लावा. १९१३ मध्ये हुआन बेलमोंते नावाचा सेवियाचा पोरगा माद्रिदला पूर्ण दर्जाचा मातादोर झाला. पाय कमजोर, पळायला येत नाही, म्हणून त्याने पळणंच सोडून दिलं. तोपर्यंतची रीत अशी होती की वळू आला की माणसाने पाय हलवून बाजूला व्हायचं. हा जागेवरून हलेचना. कापड वळूच्या नाकासमोर धरून त्याच्याच वेगाने, मग त्याच्यापेक्षा जरा हळू ओढायचं, इतकं हळू की वळूने आपला वेग कमी करून कापडामागे यावं. स्पॅनिशमध्ये याला तेम्प्लार म्हणतात. तंबोरा लावताना खुंटी किती पिळायची ते जसं बोटांना कळावं लागतं तसं काहीतरी. त्याच्यासमोर होसेलितो, सगळं येणारा, पोरवयातच उस्ताद. या दोघांची चुरस १९२० पर्यंत चालली, १६ मे ला तालावेरा गावी होसेलितो वळूच्या शिंगाने गेला तोपर्यंत. वय पंचवीस. बुलफाइटवाले आजही त्या सहा-सात वर्षांना सुवर्णकाळ म्हणतात.

आणि नेमका त्या काळाचा पुरावा म्हणजे या हाताने फिरवलेल्या फिल्म. बेलमोंतेची सगळी किमया संथपणात, आणि तो संथपणाच फिल्म खाऊन बसलीये. चुकीच्या वेगाने बघितलं तर तो कापड झटकून माश्या हाकलतोय असं वाटतं. भीमसेनजींची विलंबित बंदिश कोणी दीडपट स्पीडला ऐकवली आणि वर विचारलं, 'यात एवढं काय आहे?' तर आपण काय सांगणार? मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा मलाही हेच वाटलं होतं, की उगाच कौतुक. नंतर तेच फुटेज वेग उतरवून बघितलं. वळूचं शिंग त्याच्या कमरेला घासून जातंय, आणि याच्या टाचा वाळूत रुतलेल्या तशाच. अंगावर काटा आला, आणि थोडी लाजही वाटली.

आवाजाचं थोडक्यात सांगतो. फिल्म मुकी होती, थिएटर मुकं नव्हतं. वाद्यं वाजायची, आणि स्पेनमध्ये तर पडद्याशेजारी एक माणूस उभा राहून काय चाललंय ते रंगवून सांगायचा, एक्सप्लिकादोर. म्हणजे आपल्याकडे कुस्तीच्या फडावर माइकवाला असतो ना, तसा. मामाच्या क्लिपमधला गलका मात्र कुठल्यातरी फुटबॉल मॅचचा असावा असा मला दाट संशय आहे.

फिल्म कधीची, हे घोड्यावरून ओळखा

ही एक युक्ती लक्षात ठेवा, कुठल्याही क्लिपला उपयोगी पडेल. भालेवाल्याच्या घोड्याकडे बघा. आज त्याच्या पोटाला गादीसारखं जाड चिलखत बांधलेलं असतं. स्पेनमध्ये ते सक्तीचं झालं १९२८ मध्ये. त्याआधी घोडा उघडाच, डोळ्यावर पट्टी बांधलेला, आणि वळू सरळ त्याच्या पोटात शिंग घालायचा. पुढचं लिहीत नाही. एका दुपारी वळू सहा मरायचे आणि घोडे कधीकधी त्याहून जास्त.

तेव्हा घोडा उघडा दिसला तर फुटेज मूकपटाच्या काळातलं असायची शक्यता भरपूर. चिलखत असेल आणि वर '१८९६' लिहिलं असेल तर सरळ पुढच्या मेसेजकडे जा.

ब्रिटनमध्ये १९१३ पासून सेन्सॉर बोर्डाचं काम सुरू झालं आणि प्राण्यांचे हाल हा त्यांच्या कात्रीचा ठरलेला विषय. त्यामुळे परदेशी जाणाऱ्या प्रिंटांमधून असली दृश्यं गळायची. म्हणजे लंडनच्या प्रेक्षकाला दिसलेली बुलफाइट आणि वालेन्सियाच्या प्रेक्षकाला दिसलेली बुलफाइट या दोन वेगळ्या गोष्टी. वालेन्सियात कुएस्ता नावाची कंपनी १९०५ पासून दहाएक वर्षं अशा फिल्म काढत होती, त्यांच्या गिऱ्हाइकाला घोड्याचं काही नवल नव्हतं.

एक वळू, तीन दुपारी

आता शंका येईल की वेग चुकला, रंग गेला, तरी जे घडलं ते तर खरं ना? बऱ्याचदा हो, पण एकाच दुपारी घडलं असेल असं नाही. सुरुवातीला फिल्म तुकड्यातुकड्यांनी विकली जायची. विकणारा तुकडे देणार, थिएटरवाला आपल्या सोयीने जोडणार. वळू आत येताना एका रविवारचा, भाल्याचा भाग दुसऱ्या रविवारचा, मरताना तिसऱ्याच वळूचा. फसवायचं म्हणून नव्हे, त्याच्याकडे पूर्ण झुंज सलग नसायचीच. (बॉक्सिंगमध्ये मात्र सरळ फसवाफसवी चालायची. १८९७ मध्ये लुबिन नावाच्या फिलाडेल्फियाच्या व्यापाऱ्याने गाजलेल्या मॅचची 'नक्कल' दोन भलत्याच माणसांना उभं करून काढली आणि विकली. वळूला ॲक्टिंग शिकवता येत नाही म्हणून बुलफाइट त्यातून बऱ्यापैकी वाचली.)

याच जोडकामाचं टोक म्हणजे १९२२ चा हॉलिवूडचा 'ब्लड अँड सँड'. हिरो व्हॅलेंटिनो, त्याला खऱ्या वळूसमोर उभं करणं म्हणजे स्टुडिओने स्वतःच्या पोटावर पाय देणं. एडिटिंगला डोरोथी आर्झनर होत्या, पुढे त्या स्वतः दिग्दर्शक झाल्या. त्यांनी खऱ्या बुलफाइटचं आधीचं पडून असलेलं फुटेज घेतलं, त्याला जुळतील असे व्हॅलेंटिनोचे जवळचे शॉट लावले, आणि लांबून दिसणारा खरा मातादोर व जवळून दिसणारा हिरो यांचा एक माणूस करून टाकला. आधी मी जे रडगाणं गायलो ना, की माणूस नखाएवढा दिसतो, तेच इथे कामाला आलं. नखाएवढ्या माणसाचा चेहरा कोण ओळखणार?

'मग एआयने साफ केलं तर बिघडलं कुठे?'

भाचा मला हेच म्हणाला. वेग सुधारला, ओरखडे काढले, चांगलंच झालं की. वेगाबद्दल मी पूर्ण सहमत आहे, वेग उतरवलाच पाहिजे. ओरखडे काढा, काही म्हणणं नाही. पण सेकंदाला सोळा चित्रांची साठ करतात तेव्हा दर साठ चित्रांतली चव्वेचाळीस कोणी बघितलेलीच नसतात, मशीनने मधल्या जागा भरलेल्या असतात. एरवी रस्त्यावरची गर्दी असेल तर फरक पडत नाही. इथे सगळा प्रश्नच हा आहे की शिंग आणि कंबर यांच्यात किती अंतर होतं आणि माणूस हलला की नाही. ते नेमकं त्या मधल्या जागेत असतं. क्रिकेटमध्ये बॉल बॅटला लागला की नाही ते ठरवायचंय आणि मधल्या फ्रेम्स कोणीतरी मनाने काढून दिल्यात, चालेल का?

'पण एवढं क्रूर आहे तर बघायचंच कशाला?'

हा प्रश्न आईचा. मला स्वतःला बुलफाइट आवडत नाही, हे सांगून टाकतो, घोड्यांचं फुटेज मी पुढे ढकलत बघितलंय. जगही त्याच दिशेने चाललंय. कोलंबियाने २०२४ मध्ये बंदीचा कायदा केला, २०२७ पासून लागू. मेक्सिको सिटीने मार्च २०२५ मध्ये वळूला जखमी करायला आणि मारायला मनाई केली. स्पेनमध्ये कॅटालोनिया प्रांताने २०१० मध्ये बंदी घातली होती, ती २०१६ मध्ये स्पेनच्या घटनात्मक कोर्टाने रद्द केली. आपल्याकडे बैलगाडा शर्यतीचं २०१४ ची बंदी ते २०२३ चा सुप्रीम कोर्टाचा निकाल हे सगळं आपण बघितलंच आहे, त्यामुळे ही भांडणं कशी चालतात ते मी सांगायला नको.

पण या वादात दोन्ही बाजू जुन्या फिल्म पुढे करतात. एक म्हणते, बघा किती भीषण होतं. दुसरी म्हणते, बघा काय कला होती. आणि ती फिल्म अशी, की जिला लाल दिसत नाही, वेग धड नाही, अर्धा खेळ फ्रेमच्या बाहेर, घोड्यांचे तुकडे देशागणिक कापलेले. भीषणताही कमी दिसते आणि कलाही.

हे सगळं थोडक्यात करून शेवटी मी ग्रुपवर एवढंच टाकलं, 'रंग आणि आवाज नंतरचा आहे. घोड्याच्या पोटाकडे बघा.' अर्ध्या तासाने आत्याचा स्क्रीनशॉट आला, त्यावर बोटाने लाल गोल काढलेला. घोडा उघडा होता, म्हणजे फुटेज जुनं असणार. खाली दुसरा स्क्रीनशॉट, दुसरा गोल. आत्याचं लहानपण गोठ्यात गेलंय, आम्हाला सगळी जनावरं सारखी दिसतात, तिला दिसत नाहीत. तिने लिहिलेलं, 'आत आला त्याच्या पोटाखाली पांढरा पट्टा आहे. मेला तो सगळा काळा. मेलेला दुसराच आहे रे.'

मामाने अजून काही रिप्लाय दिलेला नाही.